आडातून मोजलेले तारे : एका कल्पित जगाची तारा-वर्गवारी (चर्चा)

काजळरात
राम राम मंडळी. एक अद्भुत कादंबरी लिहायला घेतली आहे. तिच्यातल्या जगात जादू आहे, पण मंत्र आणि छडीवाली नाही. तिथे ताऱ्यांच्या उजेडात गुण असतो आणि तो गुण दुधात उतरतो. एवढी एकच थाप मारायची आणि बाकी सगळं हिशेबाने चालवायचं, असं ठरवलंय.

देशाचं नाव नवआड. समुद्रकाठाने उत्तर-दक्षिण पसरलेली नऊ गावं, आणि प्रत्येक गावात एक कोरडा आड. विहीर नव्हे, बारव तर नव्हेच; अरुंद, गोल, पायऱ्या नसलेला आड. तळाशी बसलं की वर आभाळाची एक चकती दिसते, हात लांब करून तळव्याने झाकता येईल एवढी. रात्री तिच्यातून एकेक तारा सरकत जातो. तारा काठावरून आत आला की खाली बसलेला माणूस काशाच्या वाटीवरचं फडकं काढतो. वाटीत ताजं दूध. तारा पलीकडच्या काठाआड गेला की फडकं परत घालायचं, वाटी पोहऱ्यात ठेवायची, दोराला दोन हिसके द्यायचे. वरचा माणूस ओढून घेतो आणि दुधाचं काय झालं ते वहीत लिहितो. या लोकांना आडकर म्हणतात.

थोरल्या आडाने केलेले वर्ग सात. दूध सुरीने कापता येईल असं लागलं तर तारा घट्ट. साधं दही झालं तर विरज. नुसतीच जाड साय धरली तर सायाळ. आटल्यासारखं दाट झालं तर आटीव. पाणचट झालं तर पातळ. नासलं तर फाट. आणि काहीच झालं नाही तर निमूट.

माझी अडचण अशी की हे सगळं शाळेच्या भिंतीवरच्या तक्त्यासारखं दिसतंय. सात खाने, सात नावं, प्रत्येक तारा मुकाट्याने आपापल्या खान्यात. कुठे ठोकलं तर आवाज येईल ते सांगा.

बाळ्या बोरिवलीकर
पॉपकॉर्न घेऊन बसलो आहे. बाकी कल्पना झकास.

गवळणबाई
आधी दुधाचं बोलू या. आमच्याकडे गोठा होता म्हणून सांगते. एप्रिल-मेमध्ये कोकणात न तापवलेलं दूध संध्याकाळी ठेवलं तर पहाटेपर्यंत तारा असो नसो, नासतंच. तुमच्या आडकरांना हे कळत नसेल असं होणार नाही, ती माणसं रोज दूध हाताळतात. म्हणजे दर वेळी दोन वाट्या हव्यात. एकाच धारेतलं दूध दोन्हीत, एक उघडी, एक झाकलेली, दोन्ही शेजारी शेजारी. झाकलेलीतलं दूधही बिघडलं तर ती रात्र वहीतून खोडायची.

दुसरं, कोणाचं दूध? म्हशीच्या दुधाला सायच इतकी की तिथे प्रत्येक तारा सायाळ ठरेल. शेळीचं दही तर कधी नीट घट्ट लागत नाही. ज्या गावात म्हशी जास्त त्या गावचं आभाळ आपोआप श्रीमंत!

काजळरात
ताई, दोन वाट्या घेतल्या. दुसरीला "साक्षी" म्हणतो, चालेल? म्हशीचं तर फारच आवडलं. खाडीकाठच्या तीन गावांत म्हशीच पाळतात, असं आधीच्या प्रकरणात लिहून बसलोय.

खडूस खगोल
मोजमापं दिलेली नाहीत म्हणून मी करून पाहिली. आभाळ तासाला १५ अंश फिरतं. तळाच्या मध्यावरून तोंड ६ अंश दिसायला हवं असेल तर आडाची खोली रुंदीच्या साडेनऊपट लागते. म्हणजे दोन मीटर रुंद आणि एकोणीस मीटर खोल. हे खणता येण्यासारखं आहे. आणि ६ अंशांना लागतात २४ मिनिटं, म्हणजे बरोबर एक घटका. तुम्ही ठरवून केलं नसेल तर नशीबवान आहात.

एक दुरुस्ती. हे विषुववृत्तावर. तारा जितका उत्तरेला तितका तो सावकाश सरकतो, त्यामुळे १९ अंश अक्षांशावर तोच प्रवास पंचवीस मिनिटांच्या जरा वर जाईल. उत्तरेकडच्या गावांना दर ताऱ्यामागे थोडा जास्त उजेड फुकट मिळतो.

आणि सगळ्यात मोठं, जे तुमच्या तक्त्यात कुठेच दिसत नाही : आडातून फक्त तेच तारे दिसणार ज्यांची क्रांती (म्हणजे ताऱ्याचा आभाळातला अक्षांश) त्या गावच्या अक्षांशाएवढी आहे, तीन अंश इकडे तिकडे. आपल्याकडचं उदाहरण घ्या. स्वातीची क्रांती आज १९ अंश उत्तरेच्या किंचित वर, म्हणून ती जवळजवळ मुंबईच्या डोक्यावरून जाते. रोहिणी साडेसोळा अंशांवर, ती कोल्हापूरच्या. मुंबईच्या आडात रोहिणी काठाला जेमतेम शिवेल, कोल्हापूरच्या आडात स्वाती तशीच. लखनौला आड खणला तर त्यात यांपैकी कोणीच पडणार नाही. मग "थोरल्या आडाने सात वर्ग केले" हे ठीक, पण ते नवव्या आडाने का मान्य करावेत? त्यांनी ते तारे पाहिलेलेच नाहीत.

शंकेखोर
चकतीत एका वेळी दहा तारे असले तर दूध कोणाचं ऐकणार?

खडूस खगोल
चांगली शंका, आणि तिचं उत्तर गोड आहे. चौथ्या प्रतीपर्यंतचे तारे (प्रत म्हणजे तेजाची पायरी, आकडा वाढला की तारा मंद) अख्ख्या आभाळात सुमारे पाचशे. आभाळ ४१,२५३ चौरस अंश, चकती २८ चौरस अंश. म्हणजे बहुतेक वेळा चकतीत एकही तारा नसतो, कधी एक, क्वचित दोन. "चौथ्या प्रतीच्या खालचा तारा दुधाला पोचत नाही" असा नियम केला की झालं. कृत्तिकांसारखा पुंजका आला तर मात्र पंचाईत आहे, तिथे तुम्हीच काय ते बघा.

याच हिशेबाने एका आडाच्या वाट्याला रात्र-रात्र मिळून पंचवीसेक तारे येतात. नक्षत्रांच्या सत्तावीस या आकड्याच्या इतकं जवळ की मीही पुन्हा गुणाकार करून पाहिला.

बाळ्या बोरिवलीकर
आजोबा सांगायचे की खोल विहिरीतून भरदिवसा तारे दिसतात. मग रात्रीची वाट कशाला बघायची?

खडूस खगोल
पुष्कळांचे आजोबा सांगायचे. दिसत नाहीत. विहिरीने बाजूचा उजेड अडतो, पण ताऱ्याच्या आजूबाजूचं निळं आभाळ तेवढंच लख्ख राहतं आणि तारा त्यातच बुडालेला असतो.

तिकांडे
नऊ गावांमध्ये अंतर किती? दीड अंश धरा, म्हणजे सुमारे १६५ किलोमीटर. आड सहा अंश बघतो, मग शेजारच्या दोन आडांचे पट्टे एकमेकांवर चढणार. एकच तारा तीन-चार गावांत दिसेल, पण एका गावात चकतीच्या मधून जाईल आणि दुसऱ्यात कडेकडेने. मधून गेला तर २४ मिनिटं. दीड अंश बाजूने गेला तर एकवीसच्या जवळपास. अडीच अंश बाजूने गेला तर फक्त तेरा.

तेरा मिनिटांत दही लागेल का? नाही. मग तोच तारा या गावात विरज आणि त्या गावात निमूट. दोन्ही आडकर खरं बोलतायत, दोघांच्याही वहीत खाडाखोड नाही, आणि दोघं एकमेकांना लबाड म्हणतायत. कादंबरी इथेच आहे राव.

मांडवीकाठ
पावसाचं काय? आमच्याकडे जून ते सप्टेंबर आभाळच दिसत नाही. धनिष्ठा घ्या. ती गोव्याच्या जवळजवळ डोक्यावरून जाते, पण मध्यरात्री माथ्यावर येते ती ऑगस्टच्या सुरुवातीला. तिला धरायला उरतात मेअखेरच्या काही पहाटा आणि ऑक्टोबरमधली तिन्हीसांज, तीही मान्सून वेळेवर परतला तर. त्यातून चांदण्या रात्री वजा करा, चंद्राने दुधाचं काय होतं ते देव जाणे.

म्हणजे प्रत्येक आडाचे चार-सहा तारे असे असणार की ज्यांची एखाद-दुसरीच नोंद आहे, तीही पणजोबांच्या हातची.

काजळरात
मांडवीकाठ, अशा ताऱ्यांना "पावसाळी" म्हणून टाकतो. वर्गाच्या नावापुढे लागणारं शेपूट : पावसाळी विरज, पावसाळी फाट. अर्थ एवढाच की याच्यावर पैज लावू नये.

तिकांडे, भांडण तर हवंच होतं. पण सगळं भांडण फक्त किती मिनिटं यावर राहिलं तर एखादा हुशार पोरगा त्रैराशिक मांडून मिटवेल. आणखी खोल काहीतरी हवं.

मूळनक्षत्र
नाव बघूनच कळलं असेल माझा जन्म कशावरचा. तेव्हा अनुभवाचे बोल : वर्गवारी कोण वापरतं ते आधी ठरवा.

आपल्या मुहूर्तशास्त्रातही नक्षत्रांचे वर्ग सातच आहेत. ध्रुव, चर, उग्र, मिश्र, क्षिप्र, मृदु, तीक्ष्ण. तिन्ही उत्तरा आणि रोहिणी ध्रुव, म्हणजे घर बांधायला, झाड लावायला. पुनर्वसू, स्वाती, श्रवण वगैरे चर, म्हणजे प्रवासाला. आर्द्रा, आश्लेषा, ज्येष्ठा, मूळ तीक्ष्ण. यात तारा कसा दिसतो याचा संबंध नाही, त्या दिवशी काय करावं याचा आहे. त्याच सत्तावीस नक्षत्रांना पत्रिका जुळवणारा वेगळं कापतो : देवगण नऊ, मनुष्यगण नऊ, राक्षसगण नऊ. आणि शेतकरी तिसरंच बघतो, सूर्य कोणत्या नक्षत्रात गेला आणि त्याचं वाहन बेडूक आहे की गाढव. आभाळ तेच, सुऱ्या तीन.

तुमच्या देशात दुधाचा वर्ग फक्त आडकरांच्या वहीत राहणारच नाही. पोर जन्मलं तेव्हा चकतीत कोणता तारा होता हे लग्नाच्या वेळी विचारलं जाणार. आमच्याकडे मूळ सासऱ्याला वाईट आणि आश्लेषा सासूला, असं म्हणून किती मुलींची स्थळं मोडली ते सांगायला नको. तुमच्याकडे "निमूट" ताऱ्यावरच्या मुलीला कोण करणार? तिच्या हातचं दही लागत नाही म्हणतील.

गवळणबाई
मूळनक्षत्र, अगदी. आणि दही लागलं तर म्हणतील सासूच्या हातचं विरजण होतं.

निळी शाई
सकाळपासून वाचतोय. काजळरातांना खोलवरचं भांडण हवंय, तर खऱ्या खगोलशास्त्रात ते झालेलं आहे, तेच उचलावं.

ताऱ्यांच्या वर्गांची इंग्रजी अक्षरं आपण पाठ करतो : ओ, बी, ए, एफ, जी, के, एम. ही ओळ अशी वेडीवाकडी का? हार्वर्डच्या वेधशाळेत पिकरिंगच्या हाताखाली विल्यमिना फ्लेमिंग यांनी वर्णपटांच्या (ताऱ्याचा उजेड लोलकातून फाकवून घेतलेल्या रंगपट्ट्यांच्या, ज्यांत रेषा दिसतात) काचपट्ट्या लावायला घेतल्या. या बाई आधी पिकरिंगच्याच घरी मोलकरीण होत्या. १८९० च्या यादीत दहा हजारांहून जास्त तारे होते आणि वर्ग लावले होते ए, बी, सी अशा सरळ ओळीने, ढोबळमानाने हायड्रोजनच्या रेषा किती ठळक यावर. सगळ्यात ठळक तो ए. तुमच्या "सगळ्यात घट्ट दही तो पहिला" सारखंच. पुढे ॲनी जंप कॅनन यांनी १९०१ मध्ये ती ओळ मोडली. काही अक्षरं गाळली, ओ आणि बी उचलून पुढे आणले. अक्षरं मात्र बदलली नाहीत, कारण तोवर याद्या छापून झाल्या होत्या. पुढची मोठी यादी १९१८ ते १९२४ मध्ये आली, सव्वादोन लाख ताऱ्यांची, तीही याच अक्षरांनी.

आता गंमत. हायड्रोजनची रेषा पुसट का असते? दोन कारणांनी, आणि ती एकमेकांच्या अगदी उलट. तारा थंड असला तर हायड्रोजनमधला इलेक्ट्रॉन खालच्याच पायरीवर बसून राहतो, ती रेषा उमटवतच नाही. तारा फार तापला तर इलेक्ट्रॉन अणू सोडूनच पळतो, मग रेषा कोण उमटवणार? मधे दहा हजार अंशांच्या आसपास ती सगळ्यात ठळक, अभिजित तिथला. चित्रा त्याहून कितीतरी तापलेली, ज्येष्ठा साडेतीन हजारांच्या घरात, आणि दोघींचीही रेषा अभिजितपेक्षा फिकट. हे गणित १९२० मध्ये मेघनाद साहांनी मांडलं आणि १९२५ मध्ये सेसिलिया पेन यांनी ते वापरून दाखवलं की ताऱ्यांत मुख्यतः हायड्रोजनच आहे.

म्हणून माझं म्हणणं : तुमचा निमूट वर्ग एक नाही, दोन आहेत. एका निमूट ताऱ्याचा उजेड इतका मवाळ की दुधाला जाग येत नाही. दुसऱ्याचा इतका जहाल की दुधातला जो काही लागण्याचा गुण आहे तो आधीच मरून जातो आणि दूध आहे तसं राहतं. वाटीत दोन्ही सारखेच दिसतात. चारशे वर्षं आडकरांनी दोघांना एकाच खान्यात टाकलंय, आणि त्या खान्यातल्या मुलींची लग्नं अडली आहेत.

तिकांडे
_/\_ निळी शाई. पुढील भागाच्या प्रतीक्षेत, काजळरात.

शंकेखोर
पण वाटीत सारखेच दिसतात तर ओळखणार कसे? दुसरं काहीतरी ठेवायला हवं ना खाली.

गवळणबाई
हळद ठेवा. हळदीत चुना पडला की ती लाल होते, कुंकू तसंच करतात. जहाल ताऱ्याखाली हळद लाल होईल आणि मवाळाखाली पिवळीच राहील. दुधाच्या वाटीशेजारी हळदीची वाटी ठेवणं कोणत्याही बाईला सुचलं असतं, बाप्यांना चारशे वर्षं का लागली ते विचारा.

काजळरात
ताई, त्याचं उत्तर गोष्टीत आहे. आडात बायका उतरत नाहीत. उतरते ती एकच, आणि तीही निमूट ताऱ्यावरची. कालच लिहिलेला तुकडा देतो, चूकभूल दाखवा :

"चंद्राक्का तळाला टेकली तेव्हा वरचा बाबा दोर सोडून बिडी ओढायला गेला होता. तिने कनवटीची पुडी सोडली. चिमूटभर हळद वाटीच्या काठाला लागली, बाकी तळहातावर. फडकं काढलं. दूध हललं नाही. ती चकतीकडे न बघता हाताकडे बघत राहिली. आधी रेघांच्या खाचांत लाली आली, मेंदी रंगते तशी, मग सगळ्या तळव्यावर. तिने घाईने हात पदराला पुसला. पदरही लाल झाला होता, आणि वर जाताना तो झाकायला दुसरं काही नव्हतं."

मूळनक्षत्र
पदर लाल, आणि वर बाबा उभा. काय समजणार तो! छान.

खडूस खगोल
तुकडा चांगला आहे. एक खडूसपणा : बाबाने दोर सोडला तर दोन हिसक्यांना उत्तर कोण देणार? दोर खुंटीला बांधून गेला असं करा.

आता आणखी एक सुरुंग. तुमच्या जगाची पृथ्वी भोवऱ्यासारखी डुलते का? आपली डुलते, सुमारे सव्वीस हजार वर्षांत एक फेरा. त्यामुळे ताऱ्यांची क्रांती हळूहळू बदलते, जास्तीत जास्त दर १८० वर्षांना एक अंश. आडाची चकती मध्यापासून तीन अंश. म्हणजे आज ऐन मधून जाणारा एखादा तारा साडेपाचशे वर्षांत आडाबाहेर जाईल आणि पुढे हजारो वर्षं दिसणार नाही. सगळे तारे सारखे सरकत नाहीत, काही जवळजवळ जागेवरच राहतात.

स्वातीचं सांगतो. ती दक्षिणेला सरकते आहे, आणि तिला स्वतःचीही चाल आहे. ही चाल हॅलीने १७१८ मध्ये जुन्या ग्रीक नोंदींशी ताडून ओळखली. ढोबळ हिशेबाने आठशे वर्षांपूर्वी स्वाती आजच्यापेक्षा चारेक अंश उत्तरेला होती, म्हणजे उज्जैनच्या माथ्यावर. तेव्हा मुंबईच्या आडात ती दिसलीच नसती.

काजळरात
थांबा, म्हणजे थोरल्या आडाच्या पोथीत असे तारे आहेत जे आता त्या आडातून दिसतच नाहीत? आणि त्यांचा वर्ग तपासायचा तर दक्षिणेच्या गावात जायला हवं, जिथले लोक त्याच ताऱ्याला दुसऱ्या नावाने ओळखतात?

खडूस खगोल
हो. किंवा नवा आड खणायला हवा.

तिकांडे
थोरला आड नवा आड खणू देणार नाही. मान जाईल. ते म्हणणार तारा चुकला, आड बरोबर आहे.

ब्रिस्बेनचा बंड्या
इकडून एक भर. ज्येष्ठा आमच्या जवळजवळ डोक्यावरून जाते, साडेसव्वीस अंश दक्षिणेला. महाराष्ट्रातून तिला कायम दक्षिणेला कललेली पाहिली होती, इथे मान मागे टाकून बघावी लागते. तुमच्या नवआडाच्या दक्षिणेला समुद्रापार कोणी राहत असेल तर त्यांच्या माथ्यावरचं आभाळच वेगळं, आडातला एकही तारा सामाईक नाही. त्यांचे वर्ग दुधावर नसून मिठावर असू देत. मग तुमचे आडकर आणि ते भेटले की बोलणार कशावर?

निळी शाई
त्यांना भेटवू नका. नऊ गावंच पुरे आहेत, अजून एक वर्गवारी आली की वाचक परिशिष्ट शोधायला लागेल.

आणखी एक सुचवतो. निमूट दोन प्रकारचे ठरल्यावरही नाव बदलू नका. "जहाल निमूट" आणि "मवाळ निमूट" असंच म्हणू देत. पोथ्या आधीच लिहून झाल्या आहेत, कोणी सातशे पानं खरवडणार नाही. आणि मवाळ निमूटच संख्येने सगळ्यात जास्त ठेवा. आपल्या आजूबाजूच्या ताऱ्यांतही तीन चतुर्थांश तांबडे खुजे आहेत आणि त्यांतला एकही नुसत्या डोळ्यांनी दिसत नाही.

मूळनक्षत्र
आणि मवाळ निमूटवाल्या मुलींचं काय? चंद्राक्काची हळद लाल झाली म्हणून ती सुटली. बाकीच्यांची पिवळीच राहणार. त्यांच्यावर आता दुप्पट शिक्का बसेल, आधी शंकेचा फायदा तरी होता. हे सोडू नका, काजळरात. नायिकेच्या शोधाने बाकीच्या बायकांचं वाईट झालं, हे लिहायला हिंमत लागते.

काजळरात
मूळनक्षत्र, तिच्या धाकट्या बहिणीचा तारा मवाळ निमूट आहे. आतापर्यंत तिला गोष्टीत काही काम नव्हतं. आता आहे.

डुलणं ठेवतो. स्वातीसारखा एक तारा घेतो, जो थोरल्या आडाने घट्ट म्हणून नोंदवलाय आणि तीन पिढ्यांत कोणी पाहिलेला नाही. राजघराण्यातली सगळी लग्नं त्याच्यावर लागतात. तो आता चौथ्या आडातून दिसतो, आणि तिथे म्हशी आहेत.

बाळ्या बोरिवलीकर
म्हणजे राजघराणं सायाळ निघणार! =))

शंकेखोर
एक राहिलंच. व्यालेल्या गाईचा चीक ठेवला तर? तो तर नुसता गरम केला तरी थिजतो. खरवस!

गवळणबाई
चीक दोन-चार दिवसच असतो हो. आणि वासराच्या तोंडचा काढून आडात कोण टाकेल?

काजळरात
म्हणूनच टाकतील. दोन गावांचं एका ताऱ्यावरून जुळलं नाही तर शेवटचा निवाडा चिकावर, असा नियम करतो. तारा चकतीत यायच्या रात्री गाय व्यायला हवी, त्यामुळे एकेक खटला वर्षानुवर्षं लोंबकळतो आणि दोन्ही गावं दुसऱ्याच्या गाभण गाईंवर पाळत ठेवून असतात. थोरल्या आडाचा एक माणूस चौथ्या गावच्या गोठ्यात गडी म्हणून राहिलेला आहे. पुढचं प्रकरण त्याचंच, रविवारपर्यंत टाकतो.